स्टेशन कोणी बंद केले?

गेल्या वर्षी आमच्या उर्दू शाळेतील सातवीच्या मुलांना मी एक प्रकल्प दिला होता. परिसरातील एखादी जुनी वास्तू पाहायची, घरातल्या वडीलधाऱ्यांना तिच्याविषयी विचारायचे आणि एका पानावर माहिती लिहून आणायची. मुलांना सोपे जावे म्हणून मीच तक्ता आखून दिला. वास्तूचे नाव, कोणी बांधली, कशासाठी बांधली, आज तिची स्थिती काय आणि शेवटचा रकाना, बंद पडली असेल तर कोणी बंद केली.

बहुतेक मुलांनी दर्गा, विहीर, जुना वाडा, बंद पडलेले जिनिंग असे विषय घेतले. एका मुलीने कापूसतळणीचे रेल्वे स्टेशन घेतले. तिने सगळे रकाने नीट भरले होते. शेवटचा मात्र कोरा होता. तो का सोडला असे विचारल्यावर ती म्हणाली, "टीचर, सबसे पूछा. दादा से, मामू से, किराना दुकानवाले से. सब बोलते, किसी ने नहीं किया, अपने आप बंद हो गया."

मी "ठीक है" म्हणून वही परत दिली. पण ते उत्तर माझ्या मनातून जाईना. मी मुलांना व्याकरण शिकवते. उर्दूत क्रियापदाचे दोन प्रकार आहेत, फेल-ए-लाजिम आणि फेल-ए-मुतअद्दी. मराठीत त्यांनाच अकर्मक आणि सकर्मक म्हणतात. दार बंद झाले आणि दार बंद केले. पहिल्या वाक्यात कोणाकडे बोट दाखवावे लागत नाही. अवघड प्रसंगी आपण नेमके पहिले वाक्य निवडतो. भांडे फुटले, पैसे संपले, जमीन गेली, स्टेशन बंद झाले. वाक्य व्याकरणाच्या दृष्टीने निर्दोष असते आणि बोलणारा माणूसही निर्दोष ठरतो. त्या मुलीचा कोरा रकाना भरण्याचा हा माझा प्रयत्न आहे.

कापूसतळणी हे माझे आजोळ. अमरावती जिल्ह्यात, अंजनगाव सुर्जी तालुक्यात. ज्यांना आमच्याकडची गाडी ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडे सांगते. मुंबईहून भुसावळमार्गे नागपूरकडे जाणाऱ्या मोठ्या रेल्वेवर अकोल्याच्या पुढे मूर्तिजापूर लागते. तिथून दोन बाजूंना दोन लहान फाटे निघत. एक कारंजा, दारव्हा करीत यवतमाळला जाई, सुमारे ११३ किलोमीटर. दुसरा लाखपुरी, बनोसा, कापूसतळणी, अंजनगाव, पथ्रोट करीत अचलपूरला जाई, सुमारे ७६ किलोमीटर. मोठ्या रेल्वेच्या दोन रुळांत साडेपाच फुटांचे अंतर असते. आमच्या गाडीच्या रुळांत अडीच फुटांचे. लहान मूलही एका रुळावरून दुसऱ्यावर उडी मारू शके. या गाडीला लोकांनी नाव दिले होते शकुंतला.

शकुंतला लोकांच्या सोयीसाठी आलेली नव्हती. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध झाले, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेना आणि तिथल्या गिरण्यांचे लक्ष वऱ्हाडाच्या काळ्या जमिनीकडे वळले. त्याआधीच, १८५३ मध्ये, निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिला होता. पुढे मोठी रेल्वे आली. पण कापूस पिकणारी गावे रेल्वेपासून दूर होती. तिथवर पोहोचण्यासाठी विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत हे लहान फाटे टाकले गेले. १८५७ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या किलिक निक्सन कंपनीने त्यासाठी सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी उभी केली. रूळ कंपनीचे, गाडी चालवण्याचे काम जीआयपी रेल्वेचे. अडीच फुटांचा मार्ग स्वस्तात होतो. हलके रूळ, लहान पूल, कमी भराव. गाडी हळू चालते, पण कापसाच्या गाठींना कसली घाई?

गाठी मूर्तिजापूरला उतरत. तिथे हमाल त्या लहान डब्यांतून काढून मोठ्या डब्यांत भरत आणि मग त्या मुंबईच्या बंदराकडे जात. म्हणजे स्टेशनाचे नाव कापूसतळणी असणे हा योगायोग म्हणावा, पण स्टेशन तिथे असणे हा योगायोग नव्हता.

मात्र कापसाच्या गाडीत माणसेही बसू लागली. अचलपूर, म्हणजे जुने एलिचपूर, इमादशाहीची राजधानी. तिथला बाजार, दवाखाना, कचेरी, नातेवाईक. लग्नाची वऱ्हाडे, उरुसाला आणि यात्रेला जाणारी माणसे, भाजीच्या टोपल्या, कोंबड्या. पावसाळ्यात काळ्या मातीच्या वाटेवर बैलगाडीचे चाक आसापर्यंत रुतते, तेव्हा हा एकच रस्ता कोरडा राही. ज्यांनी गाडी आणली त्यांच्या हिशेबात ही माणसे नव्हती. पण माणसे हिशेबात नसतानाही येऊन बसतात आणि हळूहळू म्हणू लागतात, ही आमची गाडी.

देश स्वतंत्र झाला. ५ नोव्हेंबर १९५१ रोजी जीआयपी आणि इतर काही रेल्वे मिळून मध्य रेल्वे झाली. देशातल्या रेल्वे सरकारच्या झाल्या, पण शकुंतलेचे रूळ कंपनीच्याच मालकीचे राहिले. मध्य रेल्वे करारानुसार गाडी चालवी आणि कंपनीला तिचा वाटा मिळे. वर्तमानपत्रांत अधूनमधून मथळा येई की भारतात अजून एक रेल्वे इंग्रजांच्या मालकीची आहे. ते वाचून आम्हालाही चीड येई. पण किलिक निक्सनची मालकी स्वातंत्र्यानंतर भारतीयांच्या हाती गेलेली होती. साहेबाच्या नावावर बोट ठेवणे सोपे असते, कारण साहेब उत्तर द्यायला येत नाही.

मग स्टेशन कोणी बंद केले? कंपनी म्हणू शकेल, गाडी रेल्वे चालवते, रूळ तिनेच नीट ठेवायचे. रेल्वे म्हणू शकेल, दुसऱ्याच्या मालकीच्या रुळांवर आणि तोट्यातल्या मार्गावर जनतेचा पैसा किती घालायचा? सरकार म्हणू शकेल, मार्ग विकत घेण्याचा आणि रुंद करण्याचा विचार चालू आहे. ही चर्चा आमच्या जन्माच्या आधीपासून चालू होती. व्यापारी म्हणू शकेल, ट्रक शेताच्या बांधावर माल उचलतो आणि गिरणीच्या दारात उतरवतो. मूर्तिजापूरला गाठी उतरवून पुन्हा चढवण्याची दुहेरी हमाली मी का देऊ? प्रवासी म्हणू शकेल, जीप अर्ध्या वेळात पोहोचवते. या पाचांपैकी खोटे कोणीच बोलत नाही. प्रत्येकाचे कारण खरे आहे. आणि पाच खऱ्या कारणांमधून एक स्टेशन गवतात गेले.

शेजारचीच एक गोष्ट याच्या उलट आहे. दारव्ह्याहून पुसदला जाणारा असाच एक लहान फाटा होता. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तो बंद झाला आणि त्याचे रूळ काढून नेले. तिथे निर्णय होता. कोणी तरी हुकूम काढला, कोणी तरी सही केली. त्या हुकमावर रागावता येते. आमच्या गाडीला असे भाग्य लाभले नाही. १५ एप्रिल १९९४ रोजी वाफेचे इंजिन गेले आणि डिझेलचे आले. मग फेऱ्या कमी झाल्या. माणसे कमी झाली. वाटेतल्या लहान स्टेशनांवर गार्डच खाली उतरून तिकिटे देऊ लागला. रूळ खिळखिळे झाले म्हणून वेग कमी केला. वेग कमी झाला म्हणून प्रवासी कमी झाले. प्रवासी कमी म्हणून रूळ तसेच राहिले. शेवटी गेल्या दशकात आधी यवतमाळची आणि मग अचलपूरची गाडी थांबली. रुंदीकरणाच्या घोषणा झाल्या, लोकांनी आंदोलने केली, निवेदने दिली. तोवर रुळांमध्ये बाभळी उगवल्या होत्या.

एकाने केलेला अपराध आपल्याला दिसतो. पुष्कळांनी थोडे थोडे न केल्याने जे घडते त्याला आपल्याकडे नावच नाही. मुलांना हे कसे समजवावे म्हणून मी वर्गात एक कोडे घातले. पाच जण मिळून पाण्याचा मोठा रांजण उचलून नेत आहेत. प्रत्येकाला वाटते, बाकीचे चौघे धरून आहेत, मी हात जरा सैल सोडला तर काय बिघडते? रांजण पडून फुटला. चूक कोणाची? मुलांनी खूप वाद घातला. कोणी म्हणाले पाचांची, कोणी म्हणाले ज्याने आधी हात सोडला त्याची. एक हुशार मुलगा म्हणाला, प्रत्येकाची एक पंचमांश. अपूर्णांक त्याच आठवड्यात शिकवले होते. सगळ्यांना हे उत्तर पटले. तेवढ्यात मागच्या बाकावरचा एक मुलगा, जो सहसा बोलत नाही, म्हणाला, "टीचर, पर पानी किसके लिए ले जा रहे थे?"

मला उत्तर सुचले नाही. मी कोडे घालताना तहानलेला माणूस त्यात ठेवलाच नव्हता.

त्या मुलाने कोड्याचा खरा भाग दाखवला. दोष वाटून घेता येतो. पाचांत वाटला तर एक पंचमांश, पाच लाखांत वाटला तर कोणाच्या वाट्याला काहीच राहत नाही. तोटा मात्र तसा वाटला जात नाही. तो ज्याला तहान लागली आहे त्याच्यावर सगळाच्या सगळा पडतो. शकुंतला थांबली तेव्हा व्यापाऱ्याचे काही बिघडले नाही, त्याच्याकडे ट्रक होता. मोटारसायकलवाल्याचे बिघडले नाही. माझेही बिघडले नाही. बिघडले ते ज्यांना एसटीच्या भाड्यापेक्षा कितीतरी स्वस्त तिकीट लागत होते त्यांचे. सरकी वेचून आठवड्याचा बाजार करणाऱ्या बाईचे, दवाखान्यात दर पंधरवड्याला जाणाऱ्या म्हाताऱ्याचे, माझ्या नानीचे.

इथे मला माझा स्वतःचा हिशेब मांडला पाहिजे. मी बी.एड. केले तेव्हा तो एक वर्षाचा अभ्यासक्रम होता. ते वर्ष मी आजोळी राहून काढले आणि रोज अचलपूरला जाऊन-येऊन केले. सकाळी घाई असे म्हणून जीप. परतताना वेळ जुळली तर शकुंतला. आम्ही चार-पाच मुली असू. स्टेशनावर पोहोचायला उशीर होई, गाडी सुटायच्या बेतात असे, खिडकीवर कोण जाणार? तशाच चढून बसत असू. तपासायला सहसा कोणी नसे. तिकीट चहाच्या कपाएवढे. आम्हाला ते चोरी वाटत नव्हते. उलट मजा वाटे. गाडी आपलीच तर आहे, असे आम्ही हसत म्हणत असू. ज्या महिन्यात आम्ही हे म्हणत होतो, त्याच महिन्याच्या कागदावर त्या गाडीचे उत्पन्न लिहिले जात होते आणि त्यात आम्ही नव्हतो. आम्ही बसलो होतो, पण कागदावर जागा रिकामी होती. पुढे कोणी म्हटले असेल की या गाडीत कोणी बसत नाही, तर तो कागद पाहून खरेच बोलत होता.

किती वेळा? मी आठवून पाहिले. सुट्ट्या, परीक्षा, जीपचे दिवस वजा केले तर साधारण साठ वेळा. म्हणजे मी शकुंतलेचे साठ तिकिटांचे देणे लागते.

नानी कधी बिनतिकीट बसली नाही. तिला लिहिता-वाचता येत नव्हते. ती गाडीच्या वेळेच्या तासभर आधी स्टेशनावर जाऊन बसे, तिकीट घेई आणि ओढणीच्या टोकाला गाठ मारून ठेवी. मी एकदा चेष्टेने म्हणाले, नानी, विचारत कोण नाही, कशाला घेतेस? ती म्हणाली, "गाडी कंपनी की, जमीन सरकार की, इंजन रेल्वे का. मेरा क्या है इसमें? बस यह टिकट मेरा है. यह भी नहीं लूँ तो किस मुँह से बोलूँ हमारी गाडी?"

तेव्हा मी हसले. तिच्या मृत्यूनंतर पानदानाच्या खालच्या कप्प्यात पुठ्ठ्याची चार-पाच जुनी तिकिटे निघाली. ती तिने का ठेवली होती हे विचारायला आता ती नाही. पण मला एवढे समजले की मालकी या शब्दाचा तिचा अर्थ कंपनीच्या वकिलापेक्षाही वेगळा होता आणि आम्हा शिकलेल्या मुलींपेक्षाही वेगळा होता. कंपनीसाठी आपले म्हणजे ज्याचे कागद आपल्याजवळ आहेत ते. आमच्यासाठी आपले म्हणजे ज्याचे पैसे द्यावे लागत नाहीत ते. नानीसाठी आपले म्हणजे ज्यासाठी आपण काही दिले आहे ते. कालिदासाच्या शकुंतलेला राजा विसरला, तेव्हा ओळख पटवायला निदान एक अंगठी होती. आमच्या शकुंतलेबद्दल आज गळा काढणाऱ्यांपैकी किती जणांजवळ दाखवायला एक तिकीट असेल?

माझे वडील म्हणत, अल्लाहचे देणे त्याच्याकडे माफी मागून सुटू शकते, पण माणसाचे देणे त्या माणसानेच सोडावे लागते. लहानपणापासून ऐकलेली ही गोष्ट. मग मी ही साठ तिकिटे कोणाला देऊ? कंपनीला? रेल्वेच्या खिडकीवर जाऊन साठ तिकिटे मागू? गाडीच नाही तर तिकीट कुठले? आणि दिले तरी ते नुकसान ज्यांचे झाले त्यांच्यापर्यंत पोहोचणार नाही. ज्याचा सावकारच उरला नाही असे हे कर्ज आहे. बुडाले म्हणून आनंद मानावा की फिटणारच नाही म्हणून भ्यावे, हे मला बरेच दिवस कळत नव्हते.

इथे कोणी म्हणेल, बाई, तुम्ही फार हळव्या होत आहात. गाड्या येतात, जातात. रस्ते चांगले झाले, फटफट्या आल्या, लोक लवकर पोहोचतात. जे कापूस नेण्यासाठी आले ते कापूस जायचे थांबल्यावर गेले, यात नीतीचा प्रश्न कुठे आला? हा आक्षेप मी टाळणार नाही, कारण तो माझ्या घरातूनच आला. माझ्या मामीला बाळंतपणाच्या कळा सुरू झाल्या तेव्हा रात्री जीपनेच अंजनगावला नेले. मूल आणि आई दोन्ही वाचले. मामू म्हणाले, त्या रात्री मी शकुंतलेची वाट पाहत बसलो असतो तर? खरे आहे. प्रत्येक जुनी गोष्ट जिवंत ठेवणे हे कोणाचेही कर्तव्य असू शकत नाही. रोजंदारीवर जाणाऱ्या माणसाला, तू गाडी वाचवण्यासाठी दोन तास दे, असे मी कोणत्या तोंडाने म्हणू? त्याच्याजवळ दोन तासच तर असतात विकायला. यवतमाळलाही आता मोठी रेल्वे येऊ घातली आहे. वर्धा, यवतमाळ, नांदेड या नव्या मार्गाचा वर्ध्यापासून कळंबपर्यंतचा भाग फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरू झाला. जुने गेलेच नाही तर नवे येणार कुठे?

म्हणून मी माझा प्रश्न थोडा बदलला. सोडून जाणे पाप आहे का, हा प्रश्न नाही. जीपने जाणे पाप नव्हते. प्रश्न असा की आपण कसे सोडतो. वापरताना मोल दिले का? ती आजारी पडल्यावर, अजून उपाय होता तेव्हा, एक शब्द बोललो का? आणि आपल्याला दुसरी वाट मिळाल्यावर, ज्यांना ती मिळालेली नाही त्यांच्याकडे वळून पाहिले का? या तिन्ही प्रश्नांना माझे उत्तर नाही असे आहे. मी बिनतिकीट बसले. रूळ हलताना डबा डुलायचा, त्याला आम्ही पाळणा म्हणून हसलो; कोणाला दोन ओळींचे पत्र लिहावे असे सुचले नाही. आणि नोकरी लागल्यावर मी स्कूटी घेतली आणि नानी अचलपूरला कशी जाते हे विचारायचे विसरले. ती जाणे बंद झाली होती. पुन्हा तेच वाक्य. ती बंद झाली नव्हती, तिचे जाणे आम्ही बंद केले होते.

हे सगळे जुने आहे असे म्हणून लेख इथे संपवता आला असता. पण मी शाळेत शिकवते आणि आमच्या शाळेचा पट दरवर्षी कमी होतो आहे. आसपासच्या पुष्कळ लहान शाळांची, मराठी असोत की उर्दू, हीच तऱ्हा आहे. पट कमी म्हणून शिक्षक कमी, शिक्षक कमी म्हणून एका वर्गात दोन वर्ग, ते पाहून पालक मुले काढतात, म्हणून पट कमी. हे चक्र मी आधी कुठे पाहिले हे मला सांगायला नको. माझी मुलगी येत्या जूनमध्ये पहिलीत जाईल. घरात सगळ्यांचे मत आहे की तिला इंग्रजी शाळेत घालावे. माझ्या सहकाऱ्यांची मुलेही तिथेच आहेत. मागे पालकसभेत एका आईने हात वर करून विचारले, "टीचर, आपके बच्चे यहाँ क्यों नहीं पढते?" सभेत शांतता पसरली. त्या आईकडे फी भरायला पैसे नव्हते. पाणी तिच्यासाठी नेले जात होते.

सोपे उत्तर असे की मुलीला माझ्याच शाळेत घालावे, साठ तिकिटांची फेड होईल. पण मूल म्हणजे तिकीट नव्हे. माझे देणे मी माझ्या वेळेने, पगाराने, मेहनतीने फेडावे. मुलीच्या आयुष्याने फेडण्याचा मला काय हक्क? आणि उलट बाजूने, माझ्या मुलीसाठी जे पुरेसे चांगले नाही ते दुसऱ्याच्या मुलीला रोज चांगले म्हणून देण्याचा तरी मला काय हक्क? या दोन प्रश्नांच्या मध्ये मी अजून उभी आहे. निर्णय झालेला नाही, असे लिहिणार होते. निर्णय मी घेतलेला नाही. पण एवढे केले आहे. गणित आणि विज्ञान सेमी-इंग्रजीतून सुरू करावे म्हणून मुख्याध्यापकांकडे लेखी मागणी दिली आहे आणि शाळा सुटल्यावर रोज एक तास तिसरी-चौथीची मुले घेऊन बसते. त्या आईलाही घरी जाऊन सांगितले की तुझा प्रश्न बरोबर होता. शकुंतलेच्या वेळी आम्ही गप्प राहिलो होतो. या वेळी जे होईल ते निदान बोलून होईल.

ज्याचा सावकार उरला नाही ते कर्ज फेडण्याची मला एवढीच वाट दिसते. मेलेल्याचे देणे जिवंत असलेल्या दुसऱ्या कोणाला तरी द्यायचे. ज्या गोष्टींना मी आज आपली म्हणते, ती शाळा, गावातले वाचनालय, एसटी, सरकारी दवाखाना, त्यांतल्या प्रत्येकीजवळ जाऊन नानीसारखे स्वतःला विचारायचे, यात माझे तिकीट कुठे आहे?

काही दिवसांनी मी त्या मुलीला बोलावले आणि म्हणाले, तुझा शेवटचा रकाना आता भर. लिही, "हम सबने बंद किया, थोडा थोडा." तिने पेन उचलले आणि थांबली. म्हणाली, "टीचर, सबने मतलब दादी ने भी? वह तो टिकट लेती थी."

मी पुन्हा अडकले. आपण सगळेच दोषी, हे वाक्य ऐकायला नम्र वाटते, पण तेही एक प्रकारे लपण्याचीच जागा आहे. त्यात सही करू शकणारा आणि सही न करणारा, पैसे असून न देणारा आणि नसून देणारा, सगळे एका मापाने मोजले जातात. ज्याच्या हातात जास्त होते त्याचा वाटा जास्त असला पाहिजे. तिच्या दादीचा आणि माझ्या नानीचा काहीच नसला पाहिजे.

मग आम्ही दोघींनी मिळून तो रकाना मोडला. वहीच्या मागच्या पानावर नवा तक्ता आखला. कोण, त्याच्या हातात काय होते, त्याने काय केले नाही. कंपनी, रेल्वे, सरकार, व्यापारी, गाव, अशा ओळी तिने पाडल्या. कोणाच्या हातात काय होते ते ती आता विचारत फिरणार आहे. तिला हे काम आवडलेले दिसते. पहिली ओळ मात्र मी तिच्याकडून पेन घेऊन स्वतः भरली. कोण, तर टीचर. हातात काय होते, तर चहाच्या कपाएवढे पैसे. काय केले नाही, तर साठ तिकिटे घेतली नाहीत.